डोळ्याला डोळा, आणि सूर्य मावळायच्या आत अंगरखा परत

कोर्टाबाहेर चहाच्या टपरीवर हा संवाद ठरलेला असतो. एखादा आरोपी जामिनावर सुटतो, कुणीतरी वैतागून म्हणतं, "डोळ्याला डोळा, हाच खरा कायदा, बायबलमध्येच लिहिलंय." दुसरा लगेच, "पण वकीलसाहेब, येशूनं तर दुसरा गाल पुढे करायला सांगितलंय ना?" मग हशा होतो आणि चहा संपतो. एवढ्यावरून लोकांची समजूत अशी होते, की ख्रिस्ती धर्मातला न्याय म्हणजे एक तर सूड, नाहीतर मुकाट्यानं मार खाणं.

मी बडोद्यातला दिवाणी बाजूचा वकील. सुरसागरजवळच्या न्यायमंदिराच्या इमारतीत उमेदवारी केली. सयाजीराव महाराजांच्या काळातली, 1896 ची ती देखणी वास्तू. 2018 मध्ये कोर्टं तिथून नव्या संकुलात गेली. मी ख्रिस्ती नाही. पण जुने कायदे वाचायची खोड आहे, आणि बायबलमधला कायदा मी वाचला तो पक्षकाराचे कागद वाचावेत तसा, कलमावर बोट ठेवून. त्यातून माझं जे मत झालं ते आधीच सांगतो. या कायद्याचा जीव शिक्षेत कमी आणि कर्ज, मजुरी, तारण, जमीन, साक्ष या रोजच्या भानगडींत जास्त आहे. ज्याच्या पाठीशी कुणी नाही त्याच्याशी तुम्ही कसे वागता, हे तो पुन्हापुन्हा विचारतो. आणि आज ज्याला आपण 'ख्रिस्ती कायदा' म्हणतो, त्यातला बराचसा भाग बायबलमधून आलेलाच नाही.

आधी मजकूर कुठे आहे ते पाहू. बायबलची पहिली पाच पुस्तकं म्हणजे उत्पत्ती, निर्गम, लेवीय, गणना आणि अनुवाद. हे मोशेचं, म्हणजे देवाच्या आज्ञा लोकांपर्यंत आणणाऱ्या संदेष्ट्याचं, नियमशास्त्र. यहुदी परंपरा त्यात 613 आज्ञा मोजते. दहा आज्ञा सगळ्यांना ठाऊक असतात, बाकीच्या सहाशेंत काय काय आहे ते फारसं कुणी वाचत नाही. बैलानं माणसाला शिंगावर घेतलं तर जबाबदार कोण? बैल मारका आहे हे मालकाला आधी सांगितलं होतं की नव्हतं, यावर ते ठरतं. खड्डा खणून उघडा ठेवला आणि त्यात कुणाचं जनावर पडलं, तर भरपाई कुणी द्यायची? नवं घर बांधशील तर गच्चीला कठडा कर, नाहीतर कुणी पडून मेला तर दोष तुझ्या घरावर येईल. उत्तरायणाला पतंग उडवायला अख्खं बडोदं गच्चीवर असतं, त्यामुळे हे शेवटचं कलम मला फारच जवळचं वाटतं.

या कायद्याची सुरुवातही नेहमीसारखी नाही. दहा आज्ञांचं पहिलं वाक्य आज्ञाच नाही, ती एक ओळख आहे: मिसर (इजिप्त) देशातून, गुलामीच्या घरातून तुम्हाला बाहेर काढणारा देव मी. पुढे मजुरीचा, परक्या माणसाचा, विधवेचा विषय निघाला की कारण तेच दिलं जातं. तुम्हीही तिथे उपरे होता, तेव्हा उपऱ्याचा जीव कसा असतो ते तुम्हाला माहीत आहे.

आता त्या डोळ्याकडे येऊ. 'डोळ्याला डोळा, दाताला दात' हे निर्गम, लेवीय आणि अनुवाद अशा तीन ठिकाणी येतं. ते समजायला त्याच्या शेजारी बाबिलोनच्या हम्मुराबीचा कायदा ठेवावा लागतो. तो साधारण इ.स.पू. 1750 च्या सुमाराचा. काळ्या दगडावर कोरलेली त्याची प्रत 1901 मध्ये सुसा इथे सापडली, आता ती पॅरिसच्या लूव्रमध्ये आहे. त्यातही डोळ्याला डोळा आहे, पण कुणाचा डोळा हे आधी पाहिलं जातं. वरच्या दर्जाच्या माणसाचा डोळा फोडला तर फोडणाऱ्याचा डोळा जायचा. सामान्य माणसाचा फोडला तर ठरलेली चांदी भरायची. कुणाच्या गुलामाचा फोडला तर त्याच्या किमतीच्या निम्मी रक्कम द्यायची, आणि ती मालकाच्या खिशात जायची. मोशेच्या कायद्यात मालकानं आपल्याच गुलामाचा डोळा फोडला किंवा दात पाडला, तर त्या डोळ्याबद्दल, त्या दाताबद्दल गुलामाला मोकळं सोडायचं आहे. शिवाय लेवीयमध्ये स्पष्ट म्हटलंय, की परक्याला आणि आपल्या माणसाला कायदा एकच.

एका डोळ्याला एकच डोळा, ही सूडावर घातलेली मर्यादा होती. भाऊबंदकीत एकाच्या बदल्यात दहा मारायची रीत असलेल्या समाजाला सांगितलेली. आणि पुढे यहुदी पंडितांनी तीही अक्षरशः घेतली नाही. इ.स. 200 च्या सुमारास संकलित झालेल्या मिश्ना या यहुदी कायदेसंग्रहामध्ये इजा करणाऱ्यानं पाच बाबींखाली पैसे द्यायचे असं ठरवलेलं आहे: कायमचं नुकसान, वेदना, औषधोपचार, बुडालेली मजुरी आणि झालेली अप्रतिष्ठा. मोटार अपघाताच्या दाव्यात ट्रायब्युनलपुढे आम्ही जो तक्ता भरतो तो जवळजवळ हाच असतो, फक्त अप्रतिष्ठेचा रकाना त्यात नसतो.

मग येशूचं काय? नव्या करारातल्या मत्तयच्या पुस्तकाच्या पाचव्या अध्यायात तो म्हणतो, डोळ्याला डोळा असं सांगितलेलं तुम्ही ऐकलंय, पण मी सांगतो, दुष्टाला अडवू नका. हे वाक्य कुणाला उद्देशून आहे, यावर ख्रिस्ती जगात दोन हजार वर्षं वाद चालू आहे. न्यायाधीशाला, की ज्याला थप्पड बसली त्याला? चर्चचा जुना पंडित ऑगस्टीन याच्यापासून प्रॉटेस्टंट पंथाचा प्रवर्तक मार्टिन ल्यूथरपर्यंत बहुतेकांनी ते दुसऱ्या अर्थानं घेतलं. तू स्वतःसाठी सूड घेऊ नकोस, पण राज्याला गुन्हेगाराला आवरावंच लागेल. रोमकरांना लिहिलेल्या पत्रात येशूचा प्रचारक पौल सत्ताधीशाच्या हातातल्या तलवारीबद्दल बोलतो, तो त्यांचा आधार. मेनोनाइट आणि क्वेकर पंथीयांना हे पटलं नाही. तलवार ख्रिस्ती माणसानं उचलूच नये, असं ते म्हणत राहिले. टॉलस्टॉय तर कोर्टंच नकोत या टोकाला गेला, आणि त्याचं वाचून मोहनदास गांधी नावाचे एक बॅरिस्टर पार भारावून गेले.

माझ्या मते या कायद्याचं सगळ्यात बोलकं कलम निर्गमच्या बाविसाव्या अध्यायात आहे. गरिबाला उसने दिलेस तर त्याच्यावर व्याज लादू नकोस. त्याचा अंगरखा तारण घेतलास तर सूर्य मावळायच्या आत परत कर. कारण? त्याच्याजवळ पांघरायला तेवढाच आहे, मग तो निजेल कशावर? कायद्याच्या पुस्तकात कलमाच्या मधोमध असा प्रश्न येतो. अनुवाद या पुस्तकात आणखी तपशील आहे. तारण आणायला गेलात तर कर्जदाराच्या घरात शिरायचं नाही, बाहेर उभं राहायचं, तो स्वतः आणून देईल. जात्याची तळी गहाण घ्यायची नाही, कारण त्यावर त्याचं पोट आहे. आजही दिवाणी प्रक्रिया संहितेच्या कलम 60 मध्ये अंगावरचे आवश्यक कपडे, स्वयंपाकाची भांडी आणि कारागिराची अवजारं जप्तीतून वगळलेली आहेत. दोन्हींचा थेट वंश जोडायचा माझा इरादा नाही, पण जप्तीचं वॉरंट वाचताना मला ते जातं आठवतं.

हे कलम कागदावरच होतं का? 1960 मध्ये इस्राएलच्या किनाऱ्यावर, याव्नेजवळच्या एका लहान किल्ल्यात शाईनं लिहिलेलं खापर सापडलं. इ.स.पू. सातव्या शतकातलं. एका कापणी करणाऱ्या मजुरानं किल्ल्याच्या अधिकाऱ्याला केलेला तो अर्ज आहे, बहुधा लेखनिकाकडून लिहवून घेतलेला. त्याचं म्हणणं थोडक्यात असं: मी माझं ठरलेलं काम पुरं केलं, धान्य मोजून कोठारात घातलं. तरी शोबायचा मुलगा होशयाहू आला आणि माझं वस्त्र घेऊन गेला. माझ्याबरोबर उन्हात कापणी करणारे सगळे सोबती माझ्या बाजूनं साक्ष देतील. मी निर्दोष आहे, माझं वस्त्र मला मिळवून द्या. कुठलंही कलम त्यात उद्धृत केलेलं नाही. वस्त्र तारण म्हणून नेलं, की काम कमी भरलं असं सांगून, हेही अभ्यासकांनी घासून पाहिलंय. पण अर्जाचा साचा बघा. काम केल्याची बाब, प्रतिवादीचं बापाच्या नावासह नाव, साक्षीदार, मागणी. त्या मजुराला वस्त्र परत मिळालं की नाही, ते खापर सांगत नाही. त्याच्या आधी शंभरएक वर्षं आमोस संदेष्टा ओरडून सांगत होता, की हे लोक गहाण घेतलेल्या कपड्यांवर वेदीपाशी लोळतात. म्हणजे कलम होतं आणि ते मोडलंही जात होतं.

साक्षीचा कायदाही असाच दोन तोंडी. एका साक्षीदारावर कुणाला दोषी धरायचं नाही, दोन किंवा तीन हवेत. आणि खोटी साक्ष दिली तर समोरच्याला जी शिक्षा झाली असती तीच साक्षीदाराला. ऐकायला भक्कम. पण याच बायबलमध्ये नाबोथाची गोष्ट आहे. अहाब राजाला त्याचा द्राक्षमळा हवा असतो, तो वडिलोपार्जित जमीन द्यायला नकार देतो. मग राणी ईजबेल दोन भाडोत्री साक्षीदार उभे करते, बरोबर दोन, कायद्यात लागतात तेवढेच. नाबोथाला दगडमार होते, मळा राजाचा होतो. तेवढ्यात एलीया संदेष्टा मळ्यातच राजाला गाठतो आणि विचारतो, खून करून वर ताबाही घेतलास का?

याला उतारा म्हणावी अशी सुसान्नाची गोष्ट कॅथलिक बायबलमध्ये दानीएलच्या पुस्तकात येते. प्रॉटेस्टंट लोक ती मूळ ग्रंथाचा भाग धरत नाहीत. दोन वडीलधारे न्यायाधीश एका बाईवर व्यभिचाराचा आळ घेतात. तरुण दानीएल त्यांना वेगवेगळं उभं करून एकच प्रश्न विचारतो: हे तुम्ही कोणत्या झाडाखाली पाहिलंत? एक एक झाड सांगतो, दुसरा दुसरंच. उलटतपासणी कशी घ्यायची हे ज्युनियरला शिकवायला मी हीच गोष्ट सांगतो.

ख्रिस्ती मंडळींनी या 613 पैकी काय ठेवलं आणि काय सोडलं? इ.स. 49 च्या सुमारास यरुशलेमात झालेल्या बैठकीत ठरलं, की यहुदी नसलेल्या विश्वासणाऱ्यांवर सुंतेची आणि सगळ्या नियमशास्त्राची सक्ती नको. पुढच्या शतकात मार्सियन नावाच्या ख्रिस्ती शिक्षकानं जुना करारच, म्हणजे बायबलचा येशूच्या आधीचा भागच, टाकून द्या म्हटलं, तर चर्चनं त्यालाच बाहेर काढलं. तेराव्या शतकात थॉमस अक्वायनस या चर्चच्या पंडितानं तीन कप्पे केले. नैतिक नियम सगळ्यांना कायम लागू, विधींचे नियम संपले, आणि त्या राष्ट्राचे दिवाणी-फौजदारी नियम बंधनकारक नाहीत. सोय चांगली झाली, पण कुठलं कलम कुठल्या कप्प्यात हा तंटा आजही मिटलेला नाही. इंग्लंडच्या आल्फ्रेड राजानं त्याआधीच, नवव्या शतकाच्या अखेरीस, आपल्या कायद्याच्या सुरुवातीला दहा आज्ञा आणि निर्गममधले पुढचे अध्याय घालून टाकले होते.

काळी बाजू झाकण्यात अर्थ नाही. याच ग्रंथात दगडमार आहे. परक्यांना कायमचे गुलाम म्हणून ठेवायची, वारशात द्यायची परवानगी लेवीयच्या पंचविसाव्या अध्यायात आहे. मालकाच्या मारानं गुलाम लगेच न मरता एकदोन दिवस जगला तर मालकाला शिक्षा नाही, कारण तो त्याचा पैसा, हेही निर्गममध्येच, सुटकेच्या त्या दाताच्या कलमाआधी अवघ्या काही ओळी. अमेरिकेत 1850 मध्ये पळून गेलेले गुलाम मालकाला परत देण्याचा कायदा झाला, तेव्हा गुलामगिरीचे समर्थक लेवीय उघडून बसले. विरोधकांनी अनुवादाचा तेविसावा अध्याय उघडला. त्यात लिहिलंय, पळून तुझ्याकडे आलेल्या गुलामाला त्याच्या धन्याच्या हवाली करू नकोस, तो म्हणेल त्या गावी त्याला राहू दे. हम्मुराबीकडे अशा गुलामाला आसरा देणाऱ्याला देहदंड होता. एकाच ग्रंथातून दोन्ही बाजूंचे वकील उभे राहिले, आणि शेवटी निकाल लागायला यादवी युद्ध व्हावं लागलं.

व्याजाची कथा लांबलचक आहे, इथे दोनच टप्पे सांगतो. 1179 च्या लॅटरन परिषदेनं, म्हणजे रोममधल्या चर्चच्या महासभेनं, उघड व्याजबट्टा करणाऱ्यांना ख्रिस्ती दफनही नाकारलं. सोळाव्या शतकात प्रॉटेस्टंट धर्मसुधारक कॅल्व्हिननं गरिबाकडून व्याज नको पण व्यापाऱ्याकडून मर्यादेत चालेल, अशी वाट काढली. लेवीयमध्ये आणखी एक धाडसी कल्पना आहे, योबेल वर्ष. दर पन्नासाव्या वर्षी विकलेली जमीन मूळ कुटुंबाकडे परत जायची आणि कर्जापायी राबणारे मोकळे व्हायचे. प्रत्यक्षात ते किती पाळलं गेलं याबद्दल इतिहासकारांना दाट शंका आहे. पण विसाव्या शतकाच्या शेवटी याच कल्पनेचं नाव घेऊन चर्चसंघटनांनी गरीब देशांच्या कर्जमाफीची मोहीम चालवली, आणि 1999 मध्ये कोलोन इथे जमलेल्या श्रीमंत देशांना काही कर्ज सोडावं लागलं.

शिक्षेपेक्षा भरपाईवर असलेला भर मात्र फौजदारी कायद्यालाही नवी दिशा देऊन गेला. मोशेच्या कायद्यात चोराचे हात तोडत नाहीत, चौपट-पाचपट परत करायला लावतात: मेंढराला चार मेंढरं, बैलाला पाच बैल. नव्या करारात जक्कय नावाचा जकातदार येशूसमोर उभा राहून म्हणतो, कुणाचं अन्यायानं घेतलं असेल तर चौपट परत देतो. 1974 मध्ये कॅनडातल्या एल्मायरा गावात दोन पोरांनी एका रात्रीत 22 ठिकाणी तोडफोड केली. तिथल्या एका मेनोनाइट प्रोबेशन अधिकाऱ्यानं न्यायाधीशांना सुचवलं, की या पोरांना प्रत्येक दारात जाऊन तोंड दाखवायला लावा, नुकसान विचारायला लावा, भरायला लावा. न्यायाधीश आधी नको म्हणाले, मग हो म्हणाले. पुनर्स्थापक न्यायाच्या आधुनिक चळवळीचा आरंभ तिथून धरतात.

भारतात क्षमा आणि कायदा यांची गल्लत सगळ्यात जास्त झाली ती 1999 च्या मनोहरपूर हत्याकांडानंतर. ओडिशात ऑस्ट्रेलियन मिशनरी ग्रॅहम स्टेन्स आणि त्यांच्या दोन लहान मुलांना जिवंत जाळण्यात आलं. त्यांच्या पत्नी ग्लॅडिस यांनी मारेकऱ्यांना क्षमा केली, तेव्हा "मग खटला कशाला?" असं विचारणारे निघाले. ग्लॅडिस यांचं म्हणणं सरळ होतं: क्षमा माझी, कायद्यानं आपलं काम करावं. खटला चालला, मुख्य आरोपीची फाशी उच्च न्यायालयात जन्मठेपेवर आली आणि 2011 मध्ये सर्वोच्च न्यायालयानं ती कायम केली. गाल कुणी पुढे करायचा आणि निकाल कुणी द्यायचा, हा मघाचा वाद इथे एकाच घरात जगून दाखवला गेला.

आता आपल्याकडच्या 'ख्रिस्ती कायद्या'कडे. 1869 च्या घटस्फोट कायद्यात नवऱ्याला बायकोचा व्यभिचार सिद्ध केला की पुरे. बायकोला मात्र व्यभिचाराच्या जोडीला क्रूरता, दोन वर्षांचा परित्याग असं आणखी काहीतरी सिद्ध करावं लागे. ही विषमता बायबलची नव्हे, ती 1857 च्या इंग्लिश कायद्याची नक्कल. इंग्लंडनं आपल्याकडची 1923 मध्ये काढून टाकली. आमच्या बडोदा संस्थानात सयाजीरावांनी 1931 मध्ये हिंदूंसाठी घटस्फोटाचा कायदा केला. ख्रिस्ती बायकांसाठी केंद्राच्या कायद्यात दुरुस्ती व्हायला 2001 उजाडलं.

वारशाचं त्याहून गमतीचं. गणनाच्या सत्ताविसाव्या अध्यायात सलाफहादाच्या पाच मुली, महला, नोआ, होग्ला, मिल्का आणि तिरसा, भर सभेत मोशेसमोर येऊन उभ्या राहतात. वडील वारले, भाऊ नाही, म्हणून आमच्या बापाचं नाव कुळातून का पुसलं जावं? आम्हाला जमीन द्या. मोशेला उत्तर सुचत नाही, तो प्रकरण देवाकडे पाठवतो. निकाल येतो: मुलींचं बरोबर आहे. कायदा बदलतो, मुलगा नसेल तर मुलीला वारसा. पण छत्तिसाव्या अध्यायात कुळातले पुरुष हजर: या पोरींनी दुसऱ्या वंशात लग्न केलं तर जमीन बाहेर जाईल. मग अट येते, लग्न आपल्याच वंशात. पुनर्विलोकन अर्ज अंशतः मंजूर, असं आमच्या भाषेत म्हणता येईल.

केरळच्या सीरियन ख्रिस्ती (तिथला जुना ख्रिस्ती समाज) घरांत मात्र 1916 चा त्रावणकोरचा वारसा कायदा चाले. त्यात मुलीला मुलाच्या वाट्याचा चौथा हिस्सा किंवा पाच हजार रुपये, यातलं जे कमी असेल ते. याच समाजातल्या मेरी रॉय सर्वोच्च न्यायालयात गेल्या आणि 1986 मध्ये जिंकल्या. निकाल लिहिला न्यायमूर्ती पी. एन. भगवती यांनी, जे आधी आमच्या गुजरात हायकोर्टाचे मुख्य न्यायमूर्ती होते. कोर्टाला राज्यघटनेतल्या समानतेच्या कलमापर्यंत जावंच लागलं नाही. 1951 च्या एका कायद्यानं त्रावणकोरचा कायदा आधीच रद्द झाला होता, तेव्हा 1925 चा भारतीय वारसा कायदा लागू, आणि त्यात मुलगा-मुलगी सारखे. म्हणजे पस्तीस वर्षं मुलींना मिळत होतं ते एका मेलेल्या कायद्यानुसार. निकालाला चर्चवर्तुळातूनही विरोध झाला. मग मृत्युपत्र करून मुलींना वगळायची वाट लोकांनी शोधली. ती आजही मोकळी आहे, कारण भारतीय वारसा कायद्यात ख्रिस्ती माणसाला आपली सगळी मिळकत हव्या त्याच्या नावे करता येते. मोशेच्या कायद्यात बापाला इतकी मोकळीक नव्हती. आवडत्या बायकोच्या मुलासाठी नावडतीच्या थोरल्या मुलाचा दुप्पट वाटा त्याला काढून घेता येत नसे.